पोहरादेवी : तांड्याचा मौखिक इतिहास

वाशीम जिल्ह्याच्या मानोरा तालुक्यातील पोहरादेवी हे देशभरातील बंजारा समाजाचे प्रमुख श्रद्धास्थान. संत सेवालाल महाराजांची समाधी येथे आहे. परंपरेनुसार त्यांचा जन्म १७३९ चा आणि निर्वाण १८०६ चे. त्यांचे जन्मस्थळ मात्र कोणी आंध्रातील गुत्तीजवळ सांगतात, तर कोणी कर्नाटकातील सूरगोंडनकोप्प येथे. तांडा ज्या वाटेने गेला, त्या वाटेवर कथा रुजली. त्यामुळे अशा पाठभेदांना चूक ठरविण्याची घाई करू नये.

बंजारा समाज बैलांच्या पाठीवरून धान्य व मीठ वाहून नेत असे. इंग्रज प्रवासी पीटर मंडी याने सतराव्या शतकात चौदा हजार बैलांच्या तांड्याची नोंद केली आहे. रेल्वे आली, हा व्यापार बसला आणि तांडे स्थिरावले. मात्र त्यांचा इतिहास प्रामुख्याने कंठातच राहिला. गोरबोलीला स्वतंत्र लिपी नाही. महाराष्ट्रात ती देवनागरीत, तेलंगणात तेलुगूत, तर कर्नाटकात कन्नड लिपीत लिहिली जाते. जनगणनेत तर ती हिंदीच्या पोटात मोजली जाते. बळीराम पाटील यांनी १९३६ मध्ये समाजाचा इतिहास मराठीत ग्रंथबद्ध केला, हे काम त्या काळाच्या मानाने मोठेच म्हणावे लागेल.

या मौखिक ठेव्याची राखण वाटून दिलेली होती. गोत्रांच्या वंशावळी व पूर्वजांच्या कथा भाट आणि ढाडी गात. होळीची लेंगी साऱ्या तांड्याची. ‘ढावलो’ मात्र केवळ स्त्रियांचा. सासरी निघालेली मुलगी आईवडिलांचा, भावांचा आणि तांड्याचा निरोप घेताना रडत रडत जे गाते, ते हे गीत. लग्नापूर्वी वृद्ध स्त्रियांकडून ती ते शिकत असे. चाल ठरलेली, पण शब्दांत तिच्या घरची माणसे येत. कित्येक दिवस चालणारे लग्न आता एका दिवसात उरकते. ऊसतोडीसाठी अनेक तांडे वर्षातील काही महिने रिकामे होतात. शिकण्यास सवडच उरत नाही.

पोहरादेवी येथे ५ ऑक्टोबर २०२४ रोजी नंगाऱ्याच्या आकाराचे चार मजली बंजारा विरासत संग्रहालय खुले झाले. त्यात तेरा दालने आहेत. वस्तू आणि चित्रे दालनात मांडता येतात. ढावलो मांडता येत नाही. त्याचे ध्वनिमुद्रण करायचे, तर गाणारीचे नाव, तिचा तांडा, गोत्र आणि शब्दांचे अर्थ त्याच वेळी टिपून घ्यावे लागतात. एरवी हाती केवळ सूर उरतो. शिवाय निरोपाचे हे गीत प्रसंगाविना, परक्या माणसासमोर गाण्यास अनेकींची तयारी नसते. तिथे तांड्यातील शिकलेल्या मुलींनीच आजीसमोर बसावे, हे उत्तम.

रामनवमीच्या यात्रेला अनेक राज्यांतील तांडे पोहरादेवीत येतात. एकाच कथेचे निरनिराळे पाठ एका ठिकाणी ऐकायला मिळतात ते याच दिवसांत.