एका खोलीत छत्तीस माणसे

खिडकीतून एक चेंडू खोलीत पडतो. मागोमाग एक मुलगा आत चढतो, चेंडू उचलतो आणि निघून जातो. चेंडू पुन्हा आत येतो. मुलाची ही फेरी चालू असतानाच बाळाला घेतलेली आई येते, चोर येतो, दिवा बदलणारा माणूस टेबलावर चढून खाली कोसळतो. प्रत्येकाची फेरी तीच आणि तेवढीच. बघता बघता त्या लहानशा खोलीत छत्तीस माणसे होतात. कुणाचा कुणाला धक्का लागत नाही. कुणी कुणाकडे पाहतही नाही.

हा 'टँगो', १९८० साली पोलंडमधल्या वुच शहरातल्या सेमाफोर स्टुडिओत तयार झालेला आठ मिनिटांचा लघुपट. करणारा झ्बिग्नेव्ह रिबचिन्स्की, जन्म १९४९. ॲनिमेशन म्हटले की आपल्याला चित्रकार आठवतो. रिबचिन्स्की मात्र वुचच्या प्रसिद्ध चित्रपट शाळेत छायाचित्रण शिकलेला. क्रुलिकेविच या दिग्दर्शकाच्या 'नाचणारा ससाणा' या कथापटाचा कॅमेरा त्याचाच. 'नवे पुस्तक' (१९७५) या लघुपटात त्याने पडद्याचे नऊ चौकोन केले आणि एकाच माणसाला एका चौकोनातून दुसऱ्यात चालत नेले. तिथेच 'टँगो'ची तयारी दिसते.

संगणकाची मदत नव्हती. प्रत्येक माणसाचे चित्रण वेगळे. मग एकेका चौकटीसाठी त्या माणसाच्या आकाराचा मुखवटा हाताने रंगवायचा, म्हणजे तेवढाच भाग फिल्मवर उमटेल आणि बाकीची जागा इतरांसाठी कोरी राहील. असे सुमारे १६,००० मुखवटे. ऑप्टिकल प्रिंटरवर काही लाख वेळा प्रकाश द्यावा लागला. दिवसाचे सोळा तास, सात महिने. दोन पाळ्यांच्या शाळेत एकाच वर्गखोलीचे वेळापत्रक बसवताना आमची त्रेधा उडते; इथे हिशेब सेकंदाच्या चोविसाव्या भागाचा होता! माणसांभोवतीच्या काळ्या रेघा, चित्राची थरथर, बदलणारे रंग हे दोष त्याने स्वतःच पुढे सांगितले. मला त्या रेघा खटकत नाहीत. त्यांच्यामुळे माणसे खोलीत चिकटवल्यासारखी दिसतात, आणि तसेच तर त्यांचे जगणे आहे.

अनेकांनी या खोलीत पोलंडमधली घरांची टंचाई पाहिली. अर्थ चुकीचा नाही, पण फार सोपा आहे. गर्दीत माणसे निदान भांडतात. इथे भांडणही नाही.

डिसेंबर १९८१मध्ये पोलंडमध्ये लष्करी कायदा आला. १९८२ साली कामानिमित्त ऑस्ट्रियात असलेल्या रिबचिन्स्कीने तिथेच राजकीय आश्रय मागितला. एप्रिल १९८३मध्ये लॉस एंजेलिसला 'टँगो'ला ऑस्कर मिळाले, पोलिश चित्रपटाला मिळालेले पहिलेच. बक्षीस घेऊन तो सिगारेट ओढायला बाहेर पडला. पायात कॅनव्हासचे बूट, इंग्रजी जेमतेम. रखवालदार परत आत सोडेना. झटापट झाली आणि ऑस्करविजेता कोठडीत गेला. ज्याने छत्तीस जणांना एका खोलीत बिनधक्का वावरायला लावले, त्याला स्वतःला मात्र एका दारातून आत येता आले नाही.

त्याच वर्षी तो अमेरिकेत स्थायिक झाला. जॉन लेननच्या 'इमॅजिन' गाण्याचे चित्रण त्याने १९८६ साली केले, तेव्हा त्याच्या हाती हाय-डेफिनिशन व्हिडिओ होता. मुखवटे रंगवण्याचे दिवस संपले होते. त्या चित्रणात एकापुढे एक सारख्याच खोल्या आहेत, दारे उघडी, आणि माणसे एका खोलीतून पुढच्या खोलीत चालत राहतात.