मालाडची सरस्वती

मालाडला पश्चिमेकडे उतरून बॉम्बे टॉकीजचा पत्ता विचारावा, तर लोक लहानमोठ्या कारखान्यांच्या एका आवाराकडे बोट दाखवतात. १९३४ साली हिमांशु राय आणि देविका राणी यांनी स्थापन केलेल्या चित्रसंस्थेचा स्टुडिओ तो हाच. देविका राणी, अशोककुमार ही नावे अजून घरोघर ठाऊक आहेत. पण ज्यांनी रचलेल्या चाली ते दोघे गायले, त्या बाईंचे नाव सांगणारा विरळाच!

पडद्यावर त्यांचे नाव लागे सरस्वती देवी. खरे नाव खुर्शीद मिनोचर-होमजी. पारशी घरातली ही मुलगी पंडित भातखंड्यांपाशी गाणे शिकली. १९२७ साली मुंबईत नभोवाणी सुरू झाली आणि पुढे होमजी भगिनींचे संगीत तिच्यावरून ऐकू येऊ लागले. तेव्हा आवाज तेवढा घरात शिरत होता, चेहरा नव्हता.

१९३५ साली 'जवानी की हवा' या बोलपटाला खुर्शीदबाईंनी संगीत दिले, आणि त्यांची बहीण माणेक हिने त्यात काम केले. झाले! कुलीन घरातल्या मुली सिनेमात जातात म्हणून पारशी समाजात गहजब उडाला. तेव्हा हिमांशु रायांनी तोड काढली. खुर्शीदची सरस्वती झाली, माणेकची चंद्रप्रभा. त्याच बोलपटात बहिणीचा घसा बसला, तेव्हा ओठ हलले बहिणीचे आणि गायल्या सरस्वती देवी.

मग आला १९३६ सालचा 'अछूत कन्या'. अशोककुमार मूळचे प्रयोगशाळेतले, गवई नव्हेत. सरस्वती देवींनी त्यांच्या गळ्याला पेलतील अशा सोप्या चाली बांधल्या. विद्वत्ता दाखवणे सोपे. ती पोटात ठेवून कच्च्या गळ्याकडून गाऊन घेणे अवघड. कोणत्याही मास्तराला हे पटेल.

'कंगन', 'झूला' हेही त्यांचेच. १९४३ साली सोहराब मोदींच्या 'पृथ्वी वल्लभ'ला त्यांनी संगीत दिले. पुढे कामे ओसरत गेली. १९६१ च्या 'झुमरू'त किशोरकुमारांनी गायलेले विरहगीत आपण सारे जाणतो. संगीतकार म्हणून तेथे किशोरकुमारांचेच नाव आहे. पण ती चाल मुळात १९३६ च्या 'जीवन नैया'तली, सरस्वती देवींची, थोरल्या भावाने गायलेली.

१९८० साली बाई गेल्या. एक नाव लोकांच्या भयाने झाकले, दुसरे काळाने पुसले. दिवाळीच्या सकाळी जुनी गाणी लावाल, तेव्हा मुलांना ही दोन्ही नावे आवर्जून सांगा.