कारण न सांगता जप्ती

१९१३ साल. बाल्कन युद्धात मॅसिडोनियातील मुसलमान होरपळत होते. त्यांच्यावरील अत्याचारांची हकीकत सांगणारे एक इंग्रजी पत्रक तुर्कस्तानातून हिंदुस्थानात आले. 'कॉम्रेड'चे संपादक मौलाना मोहम्मद अली यांच्याकडे त्याच्या प्रती होत्या. सरकारने १९१०च्या प्रेस कायद्याखाली ते पत्रक जप्त केले. मौलाना कलकत्ता हायकोर्टात गेले.

जप्तीच्या हुकमात सरकारने आपल्या मताची कारणे द्यावीत, असे त्या कायद्यातच लिहिले होते. हुकमात ती नव्हती. सरन्यायाधीश सर लॉरेन्स जेन्किन्स यांनी हा दोष निकालपत्रात स्पष्टपणे नोंदवला. पण त्याच कायद्याचे २२वे कलम आडवे आले आणि कोर्टाचे हात बांधले गेले. अर्ज फेटाळला गेला. पत्रक आक्षेपार्ह नाही हे सिद्ध करण्याचे ओझे अर्जदारावर होते. आक्षेप नेमका कशाला, हे मात्र सांगितलेलेच नव्हते!

तो कायदा १९२२मध्ये रद्द झाला. रीत मात्र गेली नाही. आज माणसे आपले दुःख पत्रकात छापत नाहीत, फेसबुक-इन्स्टाग्रामवर लिहितात. आणि जप्तीचा अधिकार कंपनीच्या हाती आला आहे. मे २०२१मध्ये जेरुसलेममध्ये संघर्ष पेटला असताना इन्स्टाग्रामवर 'अल-अक्सा' हा शब्द शोधात दिसेनासा झाला. मुसलमानांच्या तिसऱ्या पवित्र मशिदीचे नाव! खरे कारण सविस्तर कळले ते सप्टेंबर २०२२मध्ये, मेटा कंपनीनेच नेमलेल्या एका संस्थेच्या अहवालातून. अमेरिकी अर्थखात्याच्या यादीत 'अल-अक्सा' नाव असलेली एक सशस्त्र संघटना होती. कंत्राटदाराच्या कर्मचाऱ्याने त्या यादीवरून मशिदीचेच नाव बंदीत टाकले होते. द्वेषपूर्ण अरबी मजकूर हुडकणारी यंत्रणा कंपनीकडे होती, हिब्रूसाठी तशी यंत्रणा तेव्हा नव्हती, हेही त्याच अहवालाने सांगितले.

'शहीद' या शब्दाचीही तीच गत. मूळ अरबी धातूचा अर्थ साक्ष देणे. कलमा-ए-शहादत त्याच कुळातला. मराठीत आपण भगतसिंगांना शहीद म्हणतो. सोलापूरचे कुर्बान हुसेन १९३१मध्ये येरवड्यात फासावर गेले, त्यांनाही. कंपनीच्या धोकादायक यादीतील व्यक्तीला उद्देशून हा शब्द आला, की तो स्तुती समजून मजकूर काढला जाई. मग ती बातमी असो की चर्चा. ती यादी कंपनी संपूर्ण प्रसिद्ध करीत नाही. मेटाच्याच देखरेख मंडळाने मार्च २०२४मध्ये ही सरसकट बंदी उठवायला सांगितले. कंपनीने नियम काही अंशी बदलण्याचे मान्य केले.

याचा अर्थ काहीच काढू नये असा नाही. म्यानमारमध्ये रोहिंग्यांविरुद्धचे विष वेळीच रोखले नाही, आपण पुरेसे केले नाही, अशी कबुली फेसबुकने २०१८मध्ये दिली. काढणे असो वा ठेवणे, त्याचा जाब देता आला पाहिजे. युरोपच्या नव्या कायद्याने कंपन्यांवर कारणे देण्याचे बंधन घातले आहे. आपल्याकडे २०२१च्या नियमांत मोठ्या कंपन्यांसाठी तशी तरतूद आहे. पण सरकारी बंदीच्या हुकमांवर २००९च्या नियमांनी गुप्ततेचा पडदा टाकलेला आहे.

मौलाना खटला हरले. तरीही सरकारची चूक कोणती, हे त्या निकालपत्रात आजही वाचता येते. ज्याचे लेखन आज एका रात्रीत नाहीसे होते, त्याच्या हाती तेवढा कागदही नसतो.