सालीखालचा खोटा विंचू

झाडाची सुटलेली साल उचलली असतां कधीं कधीं तांदळाच्या कणीएवढा एक तपकिरी जीव, दोन चिमटे पुढें धरून, झरझर मागें सरकतांना आढळतो. सातारा-सांगलीकडे काय किंवा अन्यत्र काय, विंचवाचें पोर समजून तो पायाखालीं चिरडला जातो. वास्तविक याला शेपूट नाहीं आणि नांगीही नाहीं. विष आहे, पण तें चिमट्यांत, आणि तेंही सालीखालच्या बारीक किड्यांपुरतें. माणसास त्याचा कांहीं उपद्रव नाहीं. शास्त्रज्ञ यास छद्मविंचू म्हणतात.

या जीवाचा इतिहास रानांत नव्हे, पुस्तकांत सुरू होतो. ग्रीक पंडित अ‍ॅरिस्टॉटलनें पुस्तकांत सांपडणाऱ्या, बिनशेपटीच्या, अतिसूक्ष्म विंचवासारख्या प्राण्याचा उल्लेख करून ठेवला आहे. १६६५ सालीं रॉबर्ट हूकनें सूक्ष्मदर्शकाखालीं त्यास पाहिलें, तेव्हां त्याला तो खेकड्यासारखा वाटला. १७५८ मध्यें लिनीअसनें तर त्यास गोचिडांच्या पंक्तीला बसविलें! नुसत्या रूपावरून जात ठरविण्याची खोड पंडितांनाही सुटली नाहीं. मग आमच्या शेतकऱ्यास काय बोल लावावा?

१९१२ सालीं कलकत्त्याच्या इंडियन म्यूझियममधील एफ. एच. ग्रेव्हली यांनीं वेण्णेकांठीं मेढ्यास आणि कोयनेच्या खोऱ्यांत हेळवाकला असले दुर्लक्षित क्षुद्र जीव गोळा केले. तेव्हां वाळवें, तासगांव हीं साताऱ्यांतच होतीं आणि सांगली हें पटवर्धनांचें संस्थान होतें. दक्षिण सातारा जिल्हा १९४९ त निघाला व १९६० त त्याचें नांव सांगली झालें. म्यूझियमच्या संग्रहांतील छद्मविंचवांचा अभ्यास नॉर्वेच्या एलिंगसेन यांनीं करून तो १९१४ सालीं प्रसिद्ध केला. पुढें १९३२ त अमेरिकन शास्त्रज्ञ चेंबर्लिन यांनीं भारतांतील मधमाश्यांच्या घरांत राहणाऱ्या एका छद्मविंचवाचें नांव त्यांच्यावरूनच ठेवलें: एलिंगसेनियस इंडिकस. महाबळेश्वरचे मधपाळ जिला सातेरी म्हणतात, त्याच जातीच्या माशीच्या घरीं याचें बिऱ्हाड असतें.

पुढें हेळवाकच्या वरच्या अंगास धरण झालें आणि १९६० नंतर कोयनेच्या खोऱ्याचा मोठा भाग शिवाजीसागराखालीं गेला. छद्मविंचवास पंख नाहींत. दूर जावयाचें तर माशीचा वा भुंग्याचा पाय चिमट्यांत धरून तो जातो. पाणी चढूं लागलें तेव्हां ज्यांना असें वाहन मिळालें असेल ते वांचले असतील. बाकीचे सालीसकट बुडाले.