कसबे तडवळ्याची परिषद आणि आपण

निजामी राजवटीत आपल्या अंबाजोगाईचे सरकारी नाव मोमिनाबाद होते. जाहीर सभा भरवावयाची झाल्यास गश्ती निशाण ५३ अन्वये पूर्वपरवानगी घ्यावी लागे. अशा राज्यात डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांचे आगमन ही सामान्य घटना नव्हती. दि. ३० डिसेंबर १९३८ रोजी औरंगाबाद जिल्ह्यातील मक्रणपूर येथे, भाऊसाहेब मोरे यांच्या पुढाकाराने, दलितांची परिषद भरली. त्यानंतर दि. २२ व २३ फेब्रुवारी १९४१ रोजी, आपल्या शेजारच्या उस्मानाबाद (आताच्या धाराशिव) जिल्ह्यातील कसबे तडवळे येथे महार-मांग वतनदार परिषद झाली. दोन्ही परिषदांस बाबासाहेब उपस्थित होते.

तडवळ्याच्या परिषदेचे महत्त्व तिच्या नावातच आहे. वतन म्हणजे काय? जमिनीचा लहानसा तुकडा, सुगीचे बलुते आणि त्यापोटी रात्रंदिवस गावाची चाकरी. निरोप पोहोचवावा, मेलेले जनावर ओढावे, अधिकाऱ्याच्या घोड्यापुढे धावावे. तरीही वडिलार्जित हक्क म्हणून त्याचा अभिमान वाटे. या वतनाच्या बेडीविरुद्ध बाबासाहेबांनी १९२८ सालीच मुंबई कायदेमंडळात विधेयक मांडले होते. परंतु हातची भाकर सोडून मानाची वाट धरा, असे गरिबास सांगणे सोपे नव्हते.

दुसरी गोष्ट याहूनही अवघड होती. गावगाड्याने या दोन जातींत बलुत्याचे व मानपानाचे तंटे पिढ्यान्‌पिढ्या जिवंत ठेवले होते. त्या दोघी एका परिषदेच्या नावाखाली एकत्र आल्या.

पुढे १९५० साली पीपल्स एज्युकेशन सोसायटीने औरंगाबादेस महाविद्यालय काढले. तेच मिलिंद महाविद्यालय. उच्च शिक्षणासाठी हैदराबादची वाट धरणे ज्यांस परवडणारे नव्हते, अशा खेड्यांतील मुलांस पदवीचा मार्ग खुला झाला. १९५८ साली मुंबई विधिमंडळाने कनिष्ठ ग्रामवतने रद्द करण्याचा कायदा केला.

वतन गेले, विद्या आली. परंतु तडवळ्यास जी दोन नावे एका ओळीत लिहिली गेली, ती आज आपापल्या मंडळांच्या फलकांवर निरनिराळी आहेत. आपल्या संघाच्या पुढील वार्षिक मेळाव्याचे आमंत्रण शेजारच्या वस्तीतही जावे, एवढी सूचना सर्व कुटुंबांपुढे नम्रपणे ठेवितो.