वरसईच्या भटजींचा प्रवास

१८१८ साली पुण्याची गादी बुडाली तेव्हा सरदार-जहागीरदारांचे काय झाले हे इतिहासकारांनी तपशिलाने लिहून ठेवले आहे. परंतु त्याच घटनेने कोकणातील भिक्षुकवर्गाच्या चरितार्थावर जो घाला घातला त्याची नोंद फार थोड्यांनी घेतली. श्रावणमासी पर्वतीच्या पायथ्याच्या रमण्यात दूरदूरचे शास्त्री आणि वैदिक जमत व सरकारी खजिन्यातून लाखो रुपयांची दक्षिणा वाटली जाई. इंग्रजी अंमल बसल्यावर हा ओघ आटत गेला आणि त्यातील काही पैसा १८२१ साली पुण्यात निघालेल्या संस्कृत पाठशाळेकडे वळला. यजमान उरले ते उत्तरेत, ग्वाल्हेर, इंदूर, धार, झाशी, ब्रह्मावर्त अशा ठिकाणी, जेथे मराठी घराणी अद्याप मानाने नांदत होती आणि जेथे कोकणातून आलेल्या दशग्रंथी ब्राह्मणाला अन्न, वस्त्र व दक्षिणा मिळण्याची खात्री असे.

हाही आधार एकेक करून तुटला. १८४८ साली सातारा खालसा झाले. १८५१ साली दुसरे बाजीराव ब्रह्मावर्ती वारले आणि त्यांचे आठ लाखांचे वर्षासन बंद झाले. १८५४ साली नागपूर गेले आणि त्याच वर्षी झाशीही गेली. डलहौसीच्या राजनीतीचा विचार आपण संस्थानिकांच्या बाजूने करतो. पण पेण तालुक्यातील एखाद्या खेड्यात कर्जाने गांजलेल्या भटजीच्या ओसरीवर बसून तो केला, तर प्रत्येक खालसा झालेले संस्थान म्हणजे कायमचा बंद झालेला एक दरवाजा होता हे ध्यानात येते.

वरसईचे विष्णुभट गोडसे अशाच एका घरातले. त्यांचा जन्म १८२७ सालचा. विद्या वैदिकाची, संसार ओढगस्तीचा आणि डोक्यावर ऋण. अशा स्थितीत वार्ता आली की दौलतराव शिंद्यांच्या पत्नी बायजाबाई मथुरेस सर्वतोमुख यज्ञ करणार असून मोठा दानधर्म होणार आहे. तेव्हा विष्णुभटांनी चुलते रामभट यांच्यासह उत्तरेस जाण्याचा निश्चय केला. वडिलांचे मन घेईना. हिंदुस्थानात भांगेचे व्यसन फार आणि तरुण माणसाला भुलविणारी इतर प्रलोभनेही पुष्कळ, ही त्यांची धास्ती होती. अखेरीस अनुज्ञा मिळाली आणि १८५७ च्या वसंतात चुलते-पुतणे निघाले. देश पाहावा, चार अनुभव लिहावेत, हा हेतू त्यांच्या मनात लवमात्र नव्हता. दक्षिणा मिळवावी, ऋण फेडावे आणि साधले तर काशीयात्रा घडावी, एवढाच संकल्प होता.

महूच्या छावणीनजीक मुक्कामाला असता काही शिपायांनी त्यांना सावध केले की थोड्याच दिवसांत मोठा दंगा उसळणार आहे, तुम्ही पुढे जाऊ नका. हे ऐकूनही ते मागे फिरले नाहीत, याला कोणी धाडस म्हणेल. मला त्यात रिकाम्या हाताने घरी परतण्याची लाज अधिक दिसते. तो दंगा, म्हणजे सत्तावनचे बंड, खरोखरच उसळला आणि तेथून पुढे हा प्रवास यजमानांच्या हवेल्यांतून आणि जळत्या गावांतून सारख्याच वेगाने चालतो. ग्वाल्हेरीहून ते झाशीस आले, आणि मूळच्या कोकणातल्या नेवाळकरांच्या त्या नगरीत त्यांना आपल्या मुलखाची माणसे, आपले सणवार आणि आपले आचार आढळले.

राणी लक्ष्मीबाईंचे जे चित्र आज मराठी मनात आहे, त्याच्या पुष्कळशा रेषा या भटजींनी रेखाटलेल्या आहेत. पहाटेचा व्यायाम, मल्लखांब, घोड्यावरची रपेट, कचेरीत येताना कधी पुरुषी पोषाख, पायजमा, बंडी, डोईस फेटा, कमरेला तलवार, असा तपशील ते अशा निर्विकारपणे देतात की तो पाहणाऱ्याचाच आहे याविषयी शंका उरत नाही. पण त्यांच्या लेखणीची खरी कसोटी वेढ्याच्या वर्णनात लागते. १८५८ च्या मार्चअखेरीस सर ह्यू रोजच्या सैन्याने शहर वेढले. रात्री कुलपी गोळे आकाशात चढताना आणि वस्तीवर फुटताना दिसू लागले. तात्या टोपे कुमक घेऊन आल्याची बातमी लागताच शहराला धीर आला आणि १ एप्रिलला बेतवेकाठी त्यांचा मोड झाल्यावर तो धीर सुटला. ३ एप्रिलला गोऱ्यांनी तटावर चढाई केली आणि बिजन, म्हणजे सरसकट कत्तल, सुरू झाले. ४ एप्रिलच्या रात्री बाईसाहेब किल्ल्यातून निसटल्या. भटजी आणि त्यांचे चुलते मागे शहरातच अडकले. घराघरांतून माणसे मारली जात असताना लपून राहिलेल्या माणसाला काय ऐकू येते, तहान किती लागते, दाराशी शिपाई आल्यावर गाठीचा पैसा कसा पुढे करावा लागतो, हे त्यांनी लिहिले आहे. लुटीचाही क्रम त्यांनी टिपला आहे: आधी सोनेनाणे, मग तांब्यापितळेची भांडी, मग कपडालत्ता, आणि शेवटी धान्य. झाशीच्या संग्रहातील पोथ्यांची वाताहत सांगताना मात्र त्यांचा स्वर बदलतो. ज्याचे सारे जीवित पाठांतरावर आणि पोथीवर उभे होते, त्या माणसाला त्या ग्रंथांचा नाश प्रेतांच्या राशींइतकाच जिव्हारी लागला होता.

पुढे काळपीच्या वाटेवर त्यांना राणीसाहेब पुन्हा भेटल्या, त्या धुळीने माखलेल्या, पठाणी वेषातल्या आणि तहानेने व्याकूळ. भटजी विहिरीचे पाणी काढण्यास सरसावले, तेव्हा विद्वान ब्राह्मणाने आपल्यासाठी हे कष्ट करू नयेत असे म्हणून बाईंनी दोर आपल्या हाती घेतला. राज्य गेलेले, मागे फौज लागलेली, आणि अशा घडीलाही यजमानाने भिक्षुकाशी कसे वागावे याचे भान सुटलेले नाही. तो प्रसंग टिपण्यास भिक्षुकाचीच दृष्टी हवी होती. एखाद्या अखबारनविसाने किंवा इंग्रज अधिकाऱ्याने त्या विहिरीवर फौजेची संख्या मोजली असती.

गोडसे भटजींच्या थोरवीचे मर्म मला येथेच दिसते. संथा देऊन घटविलेली स्मृती, कोणी काय दिले आणि कसे दिले याची नेटकी नोंद ठेवण्याची व्यवसायाने लावलेली सवय, आणि राजवाड्यापासून धर्मशाळेपर्यंत सर्वत्र मिळणारा प्रवेश, या तिन्ही गोष्टी त्यांना भिक्षुकीने दिल्या. ऐकीव मजकूरही त्यांच्या लिखाणात आहे. इंग्रजांनी राजेरजवाड्यांपुढे धर्म बुडविणाऱ्या कलमांची यादी ठेवली, अशी हकिकत ते देतात, आणि ती इतिहास म्हणून टिकत नाही. तथापि त्या वर्षी मुक्कामामुक्कामावर लोक काय बोलत होते आणि कशावर विश्वास ठेवीत होते, याचा तो अव्वल पुरावा आहे.

परतीच्या वाटेवरही त्यांच्या नशिबी सुख नव्हते. मिळालेले द्रव्य पुन:पुन्हा लुटले गेले. चित्रकूट, काशी, अयोध्या अशी तीर्थे करून ते वरसईस पोहोचले ते गंगोदकाची कावड खांद्यावर घेऊन, आणि त्या गंगेने त्यांनी आईवडिलांना स्नान घातले. ज्यासाठी घर सोडले ते द्रव्य हाती उरले नव्हते.

पुढे सुमारे पंचवीस वर्षे ही सर्व हकिकत केवळ त्यांच्या स्मृतीत होती. गोडशांचा ज्या घराण्याशी जुना संबंध होता त्या कल्याणच्या वैद्यांपैकी चिंतामण विनायक वैद्य, जे पुढे महाभारताचे मीमांसक आणि मध्ययुगीन भारताचे इतिहासकार म्हणून विख्यात झाले, त्यांच्या आग्रहावरून १८८३ च्या सुमारास भटजींनी मोडीत ती लिहून काढली. बंडाचे नाव काढणेही त्या काळी जोखमीचे, म्हणून बाड पडून राहिले. वैद्यांनी ते १९०७ साली ‘माझा प्रवास’ या नावाने प्रसिद्ध केले, तेव्हा ग्रंथकार हयात नव्हता. वैद्यांचे उपकार मोठे आहेत. त्यांनी लिहवून घेतले नसते तर हा साक्षीदार न बोलताच गेला असता. परंतु त्यांनी मजकूर गाळला, क्रम बदलला आणि वरसईच्या भटजीच्या ओबडधोबड, जिवंत बोलीवर सुशिक्षितांच्या गद्याचा रंधा फिरविला. सरकारी रोषाची भीती काही फेरफारांचे कारण असेल. भाषेच्या फेरफाराला ते कारण पुरत नाही.

मूळ हस्तलिखित पुण्याच्या भारत इतिहास संशोधक मंडळात सुरक्षित राहिले आणि १९६६ साली दत्तो वामन पोतदारांनी ते जसेच्या तसे छापून काढले. वाचकांना माझी विनंती आहे की वैद्यांची आवृत्ती ज्यांनी वाचली असेल त्यांनीही पोतदारांची आवृत्ती अवश्य मिळवून पहिल्या पानापासून वाचावी. आणि मराठी प्रवासवर्णनाचा इतिहास लिहिणाऱ्यांनी आरंभ बोटीने विलायतेस गेलेल्यांपासून न करता वरसईहून पायी निघालेल्या या भटजींपासून करावा.