मोमियाईची कुळकथा

वस्तू आधी जन्मते आणि नाव तिला मागून मिळतं, असं आपण धरून चालतो. मोमियाईच्या बाबतीत हा क्रम उलटा आहे. युरोपातल्या लोकांनी काही शतकं जी औषध म्हणून पोटात घेतली, चित्रकारांनी जिची पूड तेलात खलून सावल्या रंगवल्या, ती अद्भुत वस्तू निसर्गात कुठेच नव्हती. ती एका फारसी शब्दाच्या पोटी जन्मली. फारसीत ‘मोम’ म्हणजे मेण. मोमबत्तीतला मोम तो हाच. इराणच्या फार्स प्रांतात, दाराबगिर्दजवळच्या डोंगरातून पाझरणाऱ्या काळ्या, मेणासारख्या मऊ डांबराला ‘मूमिया’ म्हणत आणि हाड मोडलं, जखम झाली की वापरत. इब्न सीनाच्या वैद्यकग्रंथातही तिची नोंद आहे. उन्हाने तापलेल्या शिळांतून स्रवणारं शिलाजित चरकसंहितेत येतं, ते रसायनदृष्ट्या वेगळं. पण डोंगराचा रस माणसाला डोंगराचं बळ देईल ही कल्पना मला दोन्हींच्या मुळाशी दिसते. मध्य आशियात शिलाजिताला आजही ‘मुमियो’ म्हणतात, हे उगाच नव्हे.

डोंगराचं हे नाव प्रेताला चिकटलं कसं? इजिप्तमधल्या प्राचीन प्रेतांच्या कवटीत आणि पोटाच्या पोकळीत काळा, चकाकता थर सापडे, आणि दिसायला तो थेट मूमियासारखा होता. खरी मूमिया दुर्मीळ आणि महाग, इजिप्तच्या वाळूत प्रेतं मात्र अगणित. बदली माल बाजारात न येता तरच नवल. इ. स. १२०० च्या सुमारास इजिप्तमध्ये राहिलेला बगदादचा वैद्य अब्दुल लतीफ याची साक्ष इथे फार मोलाची आहे. अशा द्रव्याने भरलेली तीन मुंडकी त्याने अर्ध्या दिरहमला विकत घेतली. पण खरी मूमिया डोंगरातून येते, हे द्रव्य तिच्या जागी चालवून घेतात, असं त्याने स्वच्छ लिहून ठेवलं. जाणत्या वैद्याला फरक ठाऊक होता. तो पुसला गेला भाषांतरात. बाराव्या शतकात टोलेडोला अरबी ग्रंथ लॅटिनमध्ये आणणाऱ्या क्रेमोनाच्या जेरार्डने मूमियाचा अर्थच असा दिला, की प्रेताचा द्रव कोरफडीच्या काळ्या बोळात मिसळून जे बनतं ते. तिथून पुढची उतरण सोपी होती. आधी काळ्या थराला औषध म्हटलं, मग त्याखालच्या मांसाला, आणि शेवटी अख्ख्या प्रेतालाच ते नाव मिळालं. ‘ममी’ हा शब्द मुळात औषधाचा आहे.

यावर कोणी म्हणेल, इजिप्तचे लोक प्रेतांना खरोखरच डांबर लावत असतील, तर चूक कुठे झाली? आक्षेप अगदीच पोकळ नाही. पण रासायनिक तपासण्यांत जुन्या प्रेतांवर सापडतात ती मुख्यतः वनस्पतींची तेलं, सूचिपर्णी झाडांची राळ आणि मधमाश्यांचं मेण. खनिज डांबर ठळकपणे येतं ते उत्तरकाळात. काळा रंग बहुतेक ठिकाणी जुनाट राळेचा होता, आणि रंगसाम्यावरच सगळा व्यवहार चालला. दुसरा आक्षेप अधिक कसाचा आहे: गुण नसता तर औषध इतकी शतकं टिकलं असतं का? त्याचं उत्तर फ्रेंच शस्त्रवैद्य आंब्रुआज पारे याच्या १५८२ च्या निबंधात आहे. १५६४ मध्ये अलेक्झांड्रियात एका व्यापाऱ्याकडे चाळीसेक प्रेतं पडलेली दिसली, आणि ती फॅरोंच्या काळातली नसून अलीकडे मेलेल्यांची, त्याने स्वतःच तयार केलेली होती, असं तिथे गेलेल्या वैद्याने पारेला सांगितलं. पारे पुढे लिहितो की या औषधाने फायदा तर नाहीच, उलट पोट दुखतं, ओकारी होते, तोंडाला दुर्गंधी येते. विचार करण्यासारखी गोष्ट ही, की अस्सल आणि नक्कल यांतला फरक रोग्यांना आणि वैद्यांना कधी कळलाच नाही. प्राचीन प्रेत आणि कालचं प्रेत सारखाच ‘गुण’ देत असतील, तर तो गुण द्रव्यात नव्हता, नावात होता.

औषधातून ही वस्तू कलेत गेली, यात नवल नाही. रंग आणि औषधं तेव्हा एकाच दुकानात मिळत. आपल्याकडेही हिंगूळ, हरताळ वैद्याच्या खलात आणि चित्रकाराच्या शिंपल्यात सारखेच होते. मात्र चित्रावर पडलेला रंग दिसतो, तिथे नावाने भागत नाही, आणि या पुडीचा उबदार, पारदर्शक तपकिरी रंग खरोखरच देखणा होता. मग इथे तरी वस्तू खरी नव्हती का? होती. पण डांबर आणि राळ यांनी तीच छटा येते, त्यासाठी माणूस लागत नाही. १८८१ मध्ये लंडनला चित्रकार आल्मा-टाडेमाने आपला समव्यवसायी बर्न-जोन्सला सांगितलं की ‘ममी ब्राउन’ खरंच ममीपासून करतात. बर्न-जोन्सचा विश्वास बसेना. हे छटेचं नुसतं नाव आहे, असं तो समजून होता. खरं कळताच त्याने घरातली ती नळी बागेत पुरली. मुंबईत जन्मलेला त्याचा भाचा रुडयार्ड किपलिंग त्या वेळी तिथे होता. रंग रात्रीतून बदलला नव्हता, नाव खरं ठरलं होतं.

फारसीबरोबर मूमिया हा शब्द हिंदुस्थानातही आला आणि इथे त्याने निराळंच रूप घेतलं. माणसाला उलटं टांगून, खाली आच देऊन, त्याच्या डोक्यातून थेंबथेंब गाळलेलं तेल म्हणजे मोमियाई, असा समज पसरला. १८९६ मध्ये मुंबईत प्लेग आला, सक्तीने माणसं रुग्णालयात नेली जाऊ लागली, आणि डॉक्टर रोग्यांच्या अंगातून मोमियाई काढतात ही कुजबुज उठली. २९ ऑक्टोबरला सुमारे हजार गिरणी कामगार आर्थर रोडच्या रुग्णालयावर चालून गेले. त्यामागे कारणं अनेक होती, सक्ती आणि जात-धर्म भ्रष्ट होण्याचं भय त्यात मोठं. अफवा अडाणीपणाची होती असं सरकारी अधिकारी म्हणाले, आणि रुग्णालयात तेल गाळलं जात नव्हतं हे खरंच आहे. पण त्याच काळात लंडनच्या रंगवाल्यांकडे माणसाच्या देहापासून केलेला रंग नळीत भरून उघड विकला जात होता. शिल्लक अवयव संपत आले, आता रंग होणार नाही, असं तिथल्या सी. रॉबर्सन या रंगकंपनीच्या चालकाने सांगितलं ते १९६४ साली.